खिळ्यांवर आलेलं शुभवर्तमान : छापखाना, पुस्तकं आणि आपल्याकडचे ख्रिस्ती

सीनातीर
रविवार, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी.

आमच्या नगरच्या घरी लाल फडक्यात बांधून ट्रंकेत ठेवलेलं एक पुस्तक आहे. माझ्या पणजीचा नवा करार. पुढची पानं गेलीत, मागचीही गेलीत. मत्तयाच्या मध्येच कुठेतरी सुरू होतो आणि प्रकटीकरणापर्यंत पोचायच्या आत संपतो. कधी छापला, कुठे छापला, काही कळायला मार्ग नाही. यंदा आई गेली आणि ट्रंक माझ्याकडे आली. तेव्हापासून हे पुस्तक डोक्यातून जात नाही.

पणजीचं घर महारवाड्यातलं. छपन्नच्या दुष्काळानंतर, म्हणजे १९०० च्या आसपास, घर ख्रिस्ती झालं. त्या वेळी घरात एकालाही अक्षरओळख नव्हती. मग ज्या घरात वाचणारं कुणी नाही, त्या घरात पुस्तक आलं कशाला? आणि आलं तर त्याने तिथे केलं काय?

छापखान्यामुळे ख्रिस्ती धर्म पसरला, असं आपण सहज म्हणून जातो. युरोपचं उदाहरण समोर असतं. १४५५ च्या सुमारास गुटेनबर्गचं बायबल, १५१७ मध्ये लूथरचे प्रबंध, १५२२ मध्ये त्याचा जर्मन नवा करार. आपल्याकडे तसंच झालं का, हे मला तपासायचं आहे. जे थोडंफार वाचलंय ते मांडतो, चुकलं तर सांगा.

मुंबईत गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट हे अमेरिकन मिशनरी १८१३ च्या फेब्रुवारीत उतरले. कंपनी सरकारला ते नको होते, परत पाठवायची तयारी चालली होती. राहायची परवानगी मिळाली तेव्हा त्यांनी आधी मराठी शिकून घेतली आणि मग छापखाना मागवला. होरेशियो बार्डवेल हा छपाई जाणणारा माणूस १८१६ मध्ये आला. कलकत्त्याहून देवनागरी खिळे, म्हणजे छपाईची धातूची सुटी अक्षरं, आणली. १० मार्च १८१७ रोजी त्यांनी पहिली मराठी पत्रिका छापून पूर्ण केली. आठ पानं, १५०० प्रती.

माझं मन अडकतं ते त्या १५०० वर. पेशवाई अजून उभी होती. मुंबईत छापील मराठी वाचणारी माणसं तेव्हा किती असतील? लोकांच्या सवयीची लिपी मोडी, हिशेब मोडीत, पत्रं मोडीत. बाळबोध, म्हणजे देवनागरी, ही पोथीची लिपी. अशा गावात हे लोक गठ्ठे घेऊन बाजारात, जत्रेत, देवळाच्या पायरीवर उभे राहत. हॉल तर पत्रिका वाटत नाशिकपर्यंत गेला. परतताना वाटेत पटकीने गाठलं आणि २० मार्च १८२६ ला तो वारला. मराठी नवा करार पूर्ण छापून झाला तोही त्याच वर्षी. संपूर्ण बायबल यायला १८४७ उजाडलं.

आणि इतक्या वर्षांच्या, इतक्या कागदांच्या बदल्यात बाप्तिस्मा घेतलेली माणसं बोटांवर मोजण्याइतकी. नगर जिल्ह्यात गावंच्या गावं मिशनकडे वळली ती बऱ्याच नंतर, दुष्काळांच्या काळात, आणि वळलेले बहुतेक लोक निरक्षर होते. वाचू शकणाऱ्यांनी पुस्तक परत केलं, वाचू न शकणाऱ्यांनी घरात ठेवलं. हे कोडं कसं सोडवायचं?

गोव्याचं, वसईचं, छपाईच्या धंद्यातलं ज्यांना ठाऊक असेल त्यांनी जरूर लिहावं.

---

रायतूरकर
रविवार, रात्री ११.१५

फार दिवसांनी इतका जवळचा विषय दिसला. गोव्याबद्दल मी लिहितो.

भारतातला पहिला छापखाना गोव्यात उतरला तो खरं म्हणजे अपघाताने. १५५६ मध्ये जेझुइट पंथाच्या पाद्र्यांनी तो लिस्बनहून ॲबिसीनियाला, म्हणजे आजच्या इथिओपियाला, न्यायला घेतला होता. जहाज गोव्याला थांबलं, पुढचा प्रवास रखडला आणि यंत्र जुन्या गोव्यातल्या सेंट पॉल कॉलेजात बसलं. चालवणारा हुआन दे बुस्तामांते. फ्रान्सिस झेवियरची ख्रिस्ती शिकवणीची पुस्तिका १५५७ मध्ये तिथेच निघाली, त्याच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी.

पण हे सगळं रोमन लिपीत. तमिळचं नशीब वेगळं. १५७८ मध्ये कोल्लमला हेन्रीक हेन्रीकेस यांची शिकवणी तमिळ अक्षरांत छापली गेली. गोव्यात जुवांव गोन्साल्विस नावाचा कारागीर देवनागरीचे खिळे पाडायला बसला होता. काही अक्षरं झाली आणि तो वारला. काम तिथेच थांबलं.

आता फादर थॉमस स्टीफन्स. इंग्रज माणूस, १५७९ मध्ये गोव्यात आला आणि चाळीस वर्षं गोव्यातल्या साष्टीत राहिला. त्याने १६०८ मध्ये रोमला लिहिलेल्या पत्रात हीच तळमळ आहे : या देशाच्या भाषेत आणि या देशाच्या अक्षरांत पुस्तकं छापलेली पाहायची माझी फार वर्षांची इच्छा आहे. अडचणही सांगतो. युरोपात चोवीस साच्यांत भागतं, इथे सहाशे लागतील. इच्छा पुरी झाली नाही. १६१६ मध्ये साष्टीतल्या रायतूरला त्याचं क्रिस्तपुराण छापलं गेलं ते रोमन अक्षरांत. दहा हजारांहून जास्त ओव्या, भाषा मराठी, वळण ज्ञानेश्वर-एकनाथांच्या परंपरेचं, मराठीला फुलांतली मोगरी आणि सुगंधांतली कस्तुरी म्हणणारं, आणि अक्षरं लॅटिनची.

सीनातीर, तुमच्या कोड्याचा एक धागा इथे सापडेल. त्या पुराणातच एक प्रसंग आहे. देवळात मुलांना शिकवणी चालू असताना एक नवख्रिस्ती ब्राह्मण पाद्रीला विचारतो, तुम्ही आमची जुनी पुराणं बंद केलीत, मग त्यांच्या जागी तसं काही का करत नाही? म्हणजे मागणी पुस्तकाची नव्हती, पुराण ऐकण्याची होती. हे पुराण साष्टीच्या देवळांत रविवारी, सणावारी मोठ्याने वाचलं जायचं. छापील प्रत वाचणाऱ्याच्या हातात असायची, पुराण असायचं ऐकणाऱ्यांचं.

---

जुना_जुळारी
सोमवार, सकाळी ६.५०

मी पुण्यात एका छापखान्यात एकतीस वर्षं जुळारी, म्हणजे खिळे जुळवणारा, होतो. मोनो आलं, मग ऑफसेट आलं, मग आमचे हात रिकामे झाले. स्टीफन्ससाहेबांच्या सहाशे साच्यांवर मला बोलू द्या.

इंग्रजी जुळवणारा दोन केसांत, म्हणजे खिळ्यांच्या खणांच्या खोक्यांत, काम करतो. आमच्या पुढ्यात चार केसा असायच्या, दोन समोर, दोन बाजूंना, आणि आम्ही मधे उभे. क घेतला तर का, कि, की, कु, कू, के, कै. शिवाय अर्धा क, क्ष, क्त, क्र. अखंड पद्धतीत कानामात्रेसकट एकेक खिळा वेगळा. डिग्री पद्धतीत अक्षर मधल्या पट्टीत, मात्रा-वेलांटी वरच्या पट्टीत, उकार खालच्या पट्टीत. खिळे कमी लागतात, पण एक ओळ जुळवायला तीन ओळींची मेहनत. पातळ मात्रा बोटांत धरून बसवताना हिवाळ्यात बोटं बधिर व्हायची.

मुंबईच्या मिशन छापखान्यात थॉमस ग्रॅहम यांनी लहान, सुबक देवनागरी खिळे पाडले, हे आमच्या धंद्यात आदराने सांगितलं जायचं. त्यांच्या आधीचे कलकत्त्याचे खिळे जाडजूड. पानात मजकूर किती मावणार? अक्षर लहान झालं तसा कागद वाचला, पुस्तक खिशात मावायला लागलं, गठ्ठा हलका झाला. गावोगाव पायी हिंडणाऱ्याला हा फरक खांद्यावर कळतो.

सीनातीर, तुमच्या पुस्तकाबद्दल. पानाच्या मागच्या बाजूवरून हलकेच बोट फिरवा. खिळ्यांनी छापलं असेल तर अक्षरांचा दाब बोटाला लागतो. शिळाछाप, म्हणजे दगडावरून छापलेलं, असेल तर पान सपाट लागेल. मग दर आठ किंवा सोळा पानांनी पहिल्या पानाच्या तळाशी कोपऱ्यात एखादा बारीक आकडा किंवा अक्षर आहे का पाहा. ती फर्म्याची, म्हणजे एका कागदावर एकत्र छापून दुमडलेल्या पानांच्या जुडीची, खूण. त्यावरून पुढची किती पानं गेली हे नक्की सांगता येईल.

---

सांजवात
सोमवार, सकाळी १०.०५

वाचते आहे. जुळारीकाका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

---

कृष्णाकाठचा
सोमवार, दुपारी १.३०

धाग्याबद्दल आदर ठेवून एक दुसरी बाजू मांडतो. ती आली नाही तर चित्र अर्धं राहील.

मिशनच्या सगळ्याच पत्रिका शुभवर्तमान सांगणाऱ्या नव्हत्या. कित्येकांत आपल्या देवांची, तीर्थांची, व्रतांची उघड निंदा होती आणि ती लोकांना टोचली. म्हणूनच १८३१ मध्ये मुंबईत मोरभट दांडेकर आणि मिशनरी जॉन विल्सन यांचा जाहीर वाद झाला. दांडेकरांनी हिंदुधर्मस्थापना छापली, विल्सननी पुढच्या वर्षी त्यावर उत्तर छापलं. १८४४ मध्ये दांडेकरांनी मिशनरींना तोंड द्यायला उपदेशचंद्रिका हे मासिक काढलं. पुढे १८५७ मध्ये विष्णुबुवा ब्रह्मचारी मुंबईच्या समुद्रकिनारी पाद्र्यांशी वाद घालत होते आणि १८५९ मध्ये त्यांचा वेदोक्तधर्मप्रकाश छापून बाहेर पडला.

म्हणजे छापखान्याने ख्रिस्ती धर्म जितका पसरवला त्याहून जास्त हिंदूंना छापायला शिकवलं, असं माझं मत आहे. गणपत कृष्णाजी मिशनच्या छापखान्यात काम करत. तिथलं यंत्र पाहून त्यांनी स्वतः लाकडी यंत्र बनवलं, शिळाछापाचा दगड मिळवला, शाई केली आणि १८३१ मध्ये शके १७५३ चं पंचांग छापलं. शाईत चरबी असते म्हणून लोक छापील पोथीला शिवत नसत, तर त्यांनी शाईत तूप वापरलं. जावजी दादाजी लहानपणी त्याच मिशनच्या छापखान्यात खिळे घासायला होते. त्यांनी १८६४ मध्ये खिळ्यांचा कारखाना आणि १८६९ मध्ये निर्णयसागर छापखाना काढला. आज आपण ज्या संस्कृत ग्रंथांच्या निर्णयसागर प्रती प्रमाण मानतो, त्यांची मुळं त्या घासकामात आहेत.

आणि मिशनरी आले नसते तर आपण छापलंच नसतं असंही नाही. मिरजेला गंगाधरराव पटवर्धनांच्या आश्रयाने १८०५ मध्ये तांब्याच्या पत्र्यांवर कोरलेली भगवद्गीता छापली गेली. तो कारागीर नाना फडणवीसांच्या वेळी पुण्यात तयार झालेला तांबट होता. तंजावरला सरफोजीराजांनीही त्याच सुमारास देवनागरी छपाई सुरू केली होती.

---

रानजाई
सोमवार, दुपारी ४.२०

कृष्णाकाठचा, तुमचं बरंचसं पटलं. पण "हिंदूंना छापायला शिकवलं" या वाक्यात हिंदू कोण, हे थांबून पाहायला हवं. मोरभटांच्या हातात लेखणी आधीपासून होती. ज्यांच्या हातात ती कधीच नव्हती त्यांचं काय झालं?

मुक्ता साळवे. पुण्यात जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकणारी मांग समाजातली चौदा वर्षांची मुलगी. मांग-महारांच्या दुःखाविषयी तिने लिहिलेला निबंध १८५५ मध्ये दोन भागांत छापून आला. कुठे? ज्ञानोदयात. अमेरिकन मिशनने १८४२ मध्ये नगरला सुरू केलेलं हे नियतकालिक. ती ख्रिस्ती नव्हती. तरी तिची जागा तिथे होती, इतर कुठे ती मिळाली असती असं मला वाटत नाही.

आणि त्या निबंधाचा गाभाच पुस्तक हा आहे. ती म्हणते, ब्राह्मण सांगतात की वेद आमचेच, आम्हीच ते पाहायचे. तर मग उघडच आहे की आम्हाला धर्मपुस्तक नाही. ज्याला पुस्तक नाही त्याचा धर्म कोणता, असं ती देवालाच विचारते.

सीनातीर, तुमच्या पणजीच्या घरात वाचता न येणाऱ्या माणसांनी पुस्तक का आणलं, याचं उत्तर मला या मुलीच्या प्रश्नात दिसतं. घरात धर्मपुस्तक असणं ही स्वतःच केवढी गोष्ट होती! ज्या हातांना पोथीचा स्पर्श वर्ज्य होता त्या हातांत कुणीतरी पोथी ठेवली आणि म्हटलं, ही तुमची. वाचता येणं ही त्याच्या पुढची पायरी.

---

कृष्णाकाठचा
सोमवार, संध्याकाळी ५.००

मान्य. मी हा कोन पाहिला नव्हता. मुक्ता साळवेंचा निबंध पुन्हा वाचतो.

---

उत्तरवसई
सोमवार, रात्री ८.१०

आमच्या वसईच्या कॅथलिकांचा अनुभव नगरपेक्षा वेगळा आहे, पण कानांबद्दल रायतूरकर म्हणतात ते इथेही खरं.

फ्रान्सिस्कु वाझ द गिमारायंस या पाद्र्याने आमच्या भागातल्या बोलीत ख्रिस्ताच्या दुःखसहनाचं पुराण रचलं. ते १६५९ मध्ये लिस्बनला रोमन अक्षरांत छापलं गेलं. पंडितांना त्याची मराठी अशुद्ध वाटली. पण ते वसई-ठाण्याकडच्या ख्रिस्ती घरांत दोन शतकं टिकलं, मुंबईत पुन्हापुन्हा छापलं गेलं. प्रायश्चित्तकाळात संध्याकाळी एकाने वाचायचं आणि बाकीच्यांनी भोवती बसायचं, असं आजी सांगायची. तिला स्वतःला वाचता येत नव्हतं. कडवी मात्र तोंडपाठ होती आणि वाचणारा चुकला तर ती त्याला थांबवायची.

---

रायतूरकर
सोमवार, रात्री ९.००

उत्तरवसई, याच्या जोडीला एक गोष्ट. क्रिस्तपुराण १६१६, १६४९ आणि १६५४ अशा तीन वेळा छापलं गेलं. या तिन्ही छपाईंची एकही प्रत आज हाताशी नाही. मग पुराण वाचलं कसं? माणसांनी हाताने उतरवून घेतलेल्या नकलांवर. गोव्यातून मंगळूरकडे गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी त्या नकला जपल्या. १६८४ मध्ये पोर्तुगीज सरकारने कोंकणीवर बंदी घातली, पुढे गोव्यात छपाईच बंद पडली, ती १८२१ पर्यंत. या सगळ्यातून हातच्या प्रती तरल्या. मंगळूरला १९०७ मध्ये सालढाणा यांनी त्यांवरून रोमन आवृत्ती काढली आणि देवनागरीत पुराण आलं थेट १९५६ मध्ये, शांताराम बंडेलू यांच्या आवृत्तीने. स्टीफन्सने सहाशे साच्यांसाठी पत्र लिहिलं त्याला तोवर साडेतीनशे वर्षं होत आली होती.

दुसरं, आणि हे गोवेकर म्हणून मला लिहिलंच पाहिजे. त्याच काळात आमच्या जुन्या पोथ्या जप्त झाल्या, जाळल्या गेल्या. पाद्र्यांनी भाषा शिकण्यासाठी उतरवून घेतलेल्या रामायण-महाभारताच्या कथा आज पोर्तुगालमध्ये ब्रागाच्या ग्रंथालयात रोमन अक्षरांत पडून आहेत. एका हाताने पुराण लिहिलं जात होतं आणि दुसऱ्या हाताने पुराणं नाहीशी होत होती. क्रिस्तपुराणावर माझं जिवापाड प्रेम आहे आणि तरीही हे मला विसरता येत नाही.

---

अक्षरवेडी
सोमवार, रात्री १०.४५

सीनातीर यांच्या मूळ पोस्टमधल्या एका वाक्यावर थोडं अडखळले. "वाचू शकणाऱ्यांनी पुस्तक परत केलं." सगळ्यांनी नाही. आणि ज्यांनी केलं नाही त्यांच्यावर पुस्तकाने जो परिणाम केला तो मिशनरींच्या प्रवचनांनी केला नव्हता.

नारायण वामन टिळक १८९३ मध्ये नागपूरहून राजनांदगावला आगगाडीने निघाले होते. डब्यातल्या एका गोऱ्या प्रवाशाशी बोलणं झालं आणि त्याने त्यांना नवा करार दिला. टिळक मत्तयाच्या डोंगरावरच्या प्रवचनापाशी पोचले आणि तिथून त्यांना पुस्तक खाली ठेवता येईना. १० फेब्रुवारी १८९५ ला मुंबईत बाप्तिस्मा. ना कुणाची शाळा, ना कुणाचं अन्न. एक पुस्तक आणि एक वाचणारा.

पंडिता रमाबाईंचंही तसंच. त्या सिल्चरला असताना नवऱ्याच्या पुस्तकांत त्यांना लूकचं बंगाली शुभवर्तमान सापडलं. बंगाली बायबलच्या कामाची सुरुवात श्रीरामपूरला विल्यम केरी यांनी केली, आणि तिथूनच १८०५ मध्ये केरींचं मराठी व्याकरण आणि मराठी मत्तय बाहेर पडलं. केरींना मराठी शिकवणारे वैजनाथ शर्मा नागपूरकडचे होते. बंगालात छापलेलं पान आसामच्या कडेला एका मराठी बाईच्या हाती पडतं, हे मला विलक्षण वाटतं.

आणि रमाबाईंनी त्याचं पुढे काय केलं पाहा. त्यांना तेव्हाची मराठी बायबलं फार संस्कृतप्रचुर वाटायची, गावातल्या बायकांना समजणार नाहीत अशी. म्हणून हिब्रू आणि ग्रीक शिकून त्यांनी एकटीने संपूर्ण बायबलचं भाषांतर केलं. त्यांच्या केडगावच्या मुक्तिसदन या आश्रमात छापखाना होता. खिळे जुळवणाऱ्या, छापणाऱ्या, बांधणाऱ्या तिथल्याच मुली, विधवा, दुष्काळातून वाचलेल्या. शेवटची मुद्रितं हातावेगळी करून ५ एप्रिल १९२२ ला रमाबाई गेल्या. पुस्तक १९२४ मध्ये बाहेर आलं.

जुळारीकाका, तुम्ही चार केसांमध्ये उभे असायचात. केडगावला परकर-पोलक्यातल्या मुली तशाच उभ्या असतील. ज्यांना वाचायची बंदी होती त्या अक्षरं हातात घेऊन जुळवत होत्या, तीही उलटी.

---

जुना_जुळारी
मंगळवार, सकाळी ६.३०

ताई, उलटी अक्षरं वाचायला आधी सुलटी नीट यावी लागतात. म्हणजे त्या मुली पक्क्या वाचणाऱ्या झाल्या असणार. आमच्या धंद्यात मी बाई जुळारी दोनच पाहिल्या. केडगावबद्दल मला माहीत नव्हतं. आभारी आहे.

---

भरारी
मंगळवार, सकाळी ११.२५

थोडं कठोर लिहितो, राग मानू नये. १९०० च्या दुष्काळानंतर झालेल्या धर्मांतरात पुस्तकाचा वाटा शोधणं म्हणजे पोटाची गोष्ट बाजूला सारणं नव्हे का? मिशनने धान्य दिलं, काम दिलं, पोरकी मुलं सांभाळली. लोक त्यासाठी गेले. पुस्तक सोबत आलं.

---

सीनातीर
मंगळवार, रात्री १०.१०

सगळ्यांचे मनापासून आभार. असं काही मिळेल असं वाटलं नव्हतं.

भरारी, राग कशाचा? पोट आधी होतं, मी ते नाकारत नाही. पणजीच्या दोन भावंडांना त्या वर्षी भुकेने नेलं. धान्य मिशनच्या आवारातून आलं, हे आमच्या घरात कधी लपवलं गेलं नाही. पण पुढच्या पावसानंतर धान्य थांबलं. पुस्तक त्यानंतर तीस-चाळीस वर्षं उघडलं जात राहिलं. का, ते मला हवंय.

अक्षरवेडी, "परत केलं" हे मी सरसकट लिहिलं, ते चुकलं. टिळक, रमाबाई, यमुनापर्यटन लिहिणारे बाबा पदमनजी, या तिघांना पुस्तकाने एकेकटं गाठलं आणि एकेकटं केलंही. जात तुटली, नाती तुटली. आमच्याकडे उलट झालं. वाडा गेला तो एकत्र गेला आणि पुस्तक मागून त्या वाड्यात आलं. वाचायला मिशनचा मास्तर यायचा. दिवसा शाळेत पोरं, संध्याकाळी कंदील घेऊन घरोघर. आधी एक अध्याय, मग गाणं. टिळकांची गाणी आमच्याकडे देवळातल्या उपासना संगीतातून आली, तीही आधी पाठ झाली आणि मग वाचली गेली. कृष्णराव सांगळे यांनी नगरला ख्रिस्ती कीर्तन उभं केलं ते ऐकायला तर सगळी पंचक्रोशी जमायची, असं आजोबा सांगायचे. म्हणजे रायतूरची पुराणं, वसईची कडवी आणि आमचा मास्तर, हे एकाच माळेत बसतात.

जुळारीकाका, तुम्ही सांगितलंत तसं आज केलं. पान मागून हाताला खरखरीत लागतं, म्हणजे खिळ्यांचं. तळाशी बारीक आकडे आहेत. पहिला दिसणारा आकडा २ आहे, त्याच्याआधी चार सुटी पानं आहेत.

---

जुना_जुळारी
बुधवार, सकाळी ६.४०

म्हणजे पहिल्या फर्म्यातली चार पानं शिल्लक आहेत. फर्मा आठ पानांचा की सोळा, ते २ पासून ३ पर्यंत पानं मोजून कळेल. सोळाचा असेल तर मुखपृष्ठ, अनुक्रम आणि मत्तयाची सुरुवात धरून बारा गेली. ल आणि श मुंबई वळणाचे आहेत का तेही पाहा, आणि एका पानाचा फोटो उजेडात, सपाट धरून टाका. छापखाना ओळखता येईल असं वचन देत नाही, पण कुठल्या दशकातलं अक्षर असावं हे सांगायचा प्रयत्न करतो. पानं उलटताना वरच्या कोपऱ्याने उलटा, बांधणीकडून नको.

---

सीनातीर
शनिवार, रात्री ११.३०

काका, फर्मा सोळाचाच आहे. फोटो उद्या दिवसाच्या उजेडात काढतो. आज वेगळंच काही सापडलं, ते आधी लिहितो.

पानं मोजायला बसलो तेव्हा समासात पेन्सिलीच्या रेघा दिसल्या. दर पान-दीड पानाने एक बारीक आडवी रेघ. आधी वाटलं वचनांच्या खुणा असतील, पण त्या कुठल्याही वचनापाशी येतात, कधी वाक्याच्या मध्येच. आत्याला फोन केला. ती आता ८४ वर्षांची आहे. ती म्हणाली, ती मास्तरची रेघ. तेल संपलं किंवा बाया पेंगायला लागल्या की मास्तर तिथे रेघ मारायचा आणि उद्या तिथून पुढे.

सगळ्या रेघा सारख्या आहेत. सरळ, फिकट, पट्टीने मारल्यासारख्या. मत्तयात, मार्कात, लूकात तशाच. योहानाच्या चौथ्या अध्यायात, विहिरीवरच्या शोमरोनी बाईपाशी, त्या थांबतात. तिथून पुढची रेघ जाड आहे, वाकडी आहे आणि कागद फाटेल इतकी दाबून मारलेली आहे. तिच्या पुढची रेघ फक्त चार ओळींनंतर. मग पुन्हा चार ओळी. मग सहा.

आत्याला विचारलं, ही कुणाची? ती म्हणाली, मास्तरची बदली झाली त्या साली तुझी पणजी स्वतः वाचायला लागली.

चार ओळींच्या त्या रेघा पुस्तकाच्या शेवटच्या उरलेल्या पानापर्यंत जातात. पुढे पुढे त्यांच्यातलं अंतर वाढत जातं. यहूदाच्या पत्रापाशी पान-पान झालंय.